विल्यम रसेल ग्रेस : न्यूयॉर्कचे पहिले कॅथॉलिक महापौर

एखाद्या नगराचा कारभार कोणाच्या हाती सोपवावा हे ठरवताना लोक उमेदवाराची कर्तबगारी पाहतात, त्याचा अनुभव पाहतात आणि पुष्कळदा तो कोणत्या धर्माचा, कोणत्या पंथाचा आहे हेही पाहतात. हा प्रकार केवळ आजचा नाही आणि एका देशापुरताही नाही. १८८० साली न्यूयॉर्क शहरात महापौरपदाची निवडणूक झाली, तेव्हा एका उमेदवाराविरुद्ध जो प्रचार झाला त्याचा मुख्य सूर तो कॅथॉलिक आहे हाच होता. त्या उमेदवाराचे नाव विल्यम रसेल ग्रेस. व्यवसायाने ते व्यापारी होते. जहाजांना लागणारे सामान पुरवण्यापासून सुरुवात करून त्यांनी व त्यांच्या भावांनी पुढे स्वतःच्या मालवाहू जहाजांची मालिका उभी केली होती.

ही निवडणूक ते जिंकले. न्यूयॉर्कच्या महापौरपदावर बसलेले ते पहिले रोमन कॅथॉलिक. त्यांचे चरित्र वाचताना आम्हाला ते संतचरित्र वाटले नाही. त्यात धाडस आहे, दातृत्व आहे, सचोटी आहे. आणि त्यांच्या संपत्तीच्या मुळाशी एक अस्वस्थ करणारी गोष्टही आहे. या सर्व बाजूंसह त्यांची ओळख वाचकांना करून द्यावी, असे आम्हाला वाटते.

दुष्काळाच्या छायेतील बालपण

विल्यम यांचा जन्म १० मे १८३२ रोजी आयर्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर, कॉर्कच्या बंदराजवळ झाला. वडिलांचे नाव जेम्स ग्रेस. कुटुंब खाऊनपिऊन सुखी होते आणि त्यांची जमीन आयर्लंडच्या अंतर्भागात, आजच्या लीश परगण्यात होती. विल्यमचे बालपण तेथेच गेले. ब्रिटिश संसदेत बसण्याचा हक्क आयर्लंडच्या कॅथॉलिकांना १८२९ साली, म्हणजे विल्यमच्या जन्मापूर्वी अवघी तीन वर्षे, मिळाला होता. आपल्या श्रद्धेमुळे सार्वजनिक जीवनाची दारे बंद असण्याचा अनुभव त्यांच्या आधीच्या पिढीला पुरेपूर होता.

१८४५ साली आयर्लंडमध्ये बटाट्याच्या पिकावर रोग पडला. बटाटा हेच गरिबांचे मुख्य अन्न. पुढील सात वर्षांत सुमारे दहा लाख माणसे भुकेने व रोगराईने मृत्युमुखी पडली आणि त्याहून अधिक लोकांनी मिळेल त्या जहाजाने देश सोडला. ग्रेस कुटुंबावर उपासमारीची वेळ आली नव्हती, तथापि भोवतालचे दृश्य घरच्यांच्या डोळ्यांआड राहणे शक्य नव्हते.

विल्यमला समुद्राची ओढ होती. १८४६ साली, चौदा वर्षांचा असताना, वडिलांच्या इच्छेविरुद्ध तो न्यूयॉर्कला निघून गेला. तेथे त्याने छापखान्यात हरकाम्या म्हणून आणि चांभाराच्या हाताखाली मदतनीस म्हणून दिवस काढले. दोन वर्षांनी तो घरी परतला. ज्या शहरात हा मुलगा पडेल ते काम करीत हिंडला, त्याच शहराचा प्रथम नागरिक म्हणून तो एके दिवशी मिरवेल, असे त्या वेळी कोणाच्या मनातही आले नसेल.

पेरूच्या किनाऱ्यावर

१८५१ साली जेम्स ग्रेस यांनी आयरिश कष्टकऱ्यांचा एक तांडा बरोबर घेऊन दक्षिण अमेरिकेतील पेरू देश गाठला. तेथे ऊसशेतीच्या आधारे आयरिश लोकांची वसाहत वसवावी, असा त्यांचा बेत होता. एकोणीस वर्षांचा विल्यम वडिलांबरोबर होता. परक्या हवामानापुढे तो बेत टिकला नाही आणि जेम्स मायदेशी परतले. विल्यम मात्र मागे राहिला. कायाव हे पेरूचे मुख्य बंदर. तेथे जहाजांना दोरखंड, शिडाचे कापड, डांबर, पिण्याचे पाणी व शिधासामग्री पुरवणारी ब्राइस नावाची पेढी होती. तिच्यात तो कारकून म्हणून लागला. हुशारी आणि मेहनत यांच्या बळावर तीनच वर्षांत तो भागीदार झाला. १८५४ साली पेढीच्या नावात ग्रेस हे नावही जोडले गेले. त्या वेळी त्याचे वय बावीस होते.

या पेढीची भरभराट ज्या व्यापारामुळे झाली तो समजावून घेणे आवश्यक आहे. पेरूच्या किनाऱ्याजवळ चिंचा नावाची लहान लहान बेटे आहेत. तेथील समुद्राचे पाणी थंड, त्यामुळे मासळी अमाप आणि मासळीमुळे समुद्रपक्षी अगणित. पाऊस जवळजवळ पडतच नसल्याने पक्ष्यांची विष्ठा शतकानुशतके तेथे साचत राहिली व तिचे डोंगर तयार झाले. यालाच ग्वानो म्हणतात. किनाऱ्यावरच्या शेतकऱ्याला मासळीच्या खताचे मोल सांगावे लागत नाही. ग्वानोचा कस त्याहूनही मोठा. युरोप व अमेरिकेतील शेतकऱ्यांना या खताची महती कळताच जगभरची जहाजे चिंचा बेटांकडे धावू लागली. एकेका वेळी शंभराहून अधिक जहाजे तेथे नांगर टाकून उभी असत. माल भरण्यास पाळी येईपर्यंत त्यांना आठवडेच्या आठवडे, प्रसंगी महिनेही थांबावे लागे.

थांबलेल्या जहाजांवरील अन्नपाणी संपत असे, दोर झिजत, शिडे फाटत. आणि सामान घेण्यासाठी शंभर मैलांहून दूर असलेल्या कायाव बंदराकडे परत जावे लागे. विल्यम ग्रेस यांनी एक साधा विचार केला. गिऱ्हाईक दुकानापर्यंत येऊ शकत नसेल तर दुकानच गिऱ्हाइकापाशी न्यावे. त्यांनी सामानाने भरलेले एक जहाज चिंचा बेटांजवळ कायमचे नांगरून ठेवले आणि तेथूनच विक्री सुरू केली. कप्तानांचा वेळ वाचला, पेढीचा व्यवहार वाढला. निरनिराळ्या देशांच्या कप्तानांशी झालेल्या या ओळखी पुढे आयुष्यभर त्यांच्या उपयोगी पडल्या.

१८५९ साली त्यांचा विवाह लिलियस गिलख्रेस्ट यांच्याशी झाला. लिलियस अमेरिकेच्या मेन राज्यातील एका जहाजबांधणी करणाऱ्या कुटुंबातील. या दांपत्यास अकरा अपत्ये झाली. अशा रीतीने ग्रेस घराण्याचे समुद्राशी असलेले नाते दोन्ही बाजूंनी दृढ झाले.

ज्यांची नावे कोणी लिहिली नाहीत

येथे आम्हाला क्षणभर थांबावेसे वाटते. चिंचा बेटांवरचे ते डोंगर आपोआप जहाजांत येऊन पडत नव्हते. ते कुदळीने खणावे लागत. त्यासाठी चीनमधून करारबद्ध मजूर आणले जात. १८४९ ते १८७४ या पंचवीस वर्षांत नव्वद हजार ते एक लाख चिनी मजूर पेरूत आले, असे इतिहासकार मानतात. त्यांपैकी कित्येकांना फसवून वा बळजबरीने जहाजावर चढवलेले असे. बहुतेक जण उसाच्या व कापसाच्या मळ्यांवर गेले, काही या बेटांवर आले. डोळे व घसा जाळणाऱ्या त्या धुळीत, तळपत्या उन्हात, चाबकाच्या धाकाखाली त्यांना राबावे लागे. जीव असह्य होऊन कड्यावरून समुद्रात उडी घेणाऱ्यांच्या हकिकती तेव्हाच्या प्रवाशांनी लिहून ठेवल्या आहेत.

ग्रेस यांची पेढी त्या बेटांची मालक नव्हती. खत पेरू सरकारच्या मालकीचे होते आणि ते काढण्याचे काम ठेकेदारांकडे होते. ग्रेस जहाजांना सामान पुरवीत असत. तरीही त्यांचे तरंगते दुकान ज्या बाजारपेठेवर जगले ती बाजारपेठ या मजुरांच्या पाठीवर उभी होती, हे सत्य झाकता येत नाही. त्या काळातील असंख्य प्रामाणिक व्यापाऱ्यांप्रमाणे ग्रेस यांनीही ती व्यवस्था जशी होती तशी स्वीकारली. थोर माणसाचे चरित्र सांगताना ही बाजू वगळणे आम्हाला योग्य वाटले नाही. आपल्या ताटातील घास कोणाच्या घामातून आला आहे, हा प्रश्न ख्रिस्तसभेच्या सामाजिक शिकवणीने पुढे स्पष्टपणे विचारला. पोप तेरावे लिओ यांचे कामगारांच्या स्थितीवरील परिपत्रक १८९१ साली प्रसिद्ध झाले. तोपर्यंत चिंचा बेटे खरवडून संपलीही होती.

न्यूयॉर्कची पेढी

पेरूमधील हवा ग्रेस यांच्या प्रकृतीस मानवेना. १८६० नंतरच्या दशकाच्या मध्यास कायावची पेढी त्यांनी धाकटे बंधू मायकेल यांच्यावर सोपवली आणि स्वतः न्यूयॉर्कला स्थायिक होऊन तेथे डब्ल्यू. आर. ग्रेस अँड कंपनी या नावाने व्यवहार सुरू केला. एक भाऊ दक्षिणेत, एक उत्तरेत. मधला समुद्र दोघांचा रस्ता. पेरूत त्या वेळी हेन्री मेग्ज हे अमेरिकी कंत्राटदार अँडीज पर्वत चढून जाणारे लोहमार्ग बांधीत होते. त्यांना लागणारे लाकूड, रूळ व यंत्रसामग्री ग्रेस बंधूंनी पुरवली. परतीच्या जहाजांतून दक्षिण अमेरिकेचा माल उत्तरेकडे येई.

१८७९ साली चिली हा एका बाजूस आणि पेरू व बोलिव्हिया दुसऱ्या बाजूस, असे युद्ध पेटले. ग्रेस यांच्या पेढीने पेरूला शस्त्रास्त्रे मिळवून दिली. ज्या देशाने आपल्याला उभे केले त्याची बाजू घेणे त्यांना कर्तव्य वाटले असेल. शस्त्रांच्या व्यापारात पेढीचा फायदाही होता. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.

जन्मबंदराकडे निघालेले जहाज

त्याच सुमारास आयर्लंडमध्ये पुन्हा पीक बुडाले. १८७९ चा हंगाम इतका वाईट गेला की पश्चिमेकडील परगण्यांत लोकांच्या डोळ्यांसमोर १८४५ सालची आठवण उभी राहिली. अमेरिकेत मदतीचा निधी जमू लागला. अमेरिकी नौदलाच्या कॉन्स्टेलेशन या जुन्या शिडाच्या युद्धनौकेवरील तोफा उतरवून त्या जागी बटाटे, पीठ व इतर धान्य भरण्यात आले. १८८० च्या मार्च महिन्याच्या अखेरीस हे जहाज न्यूयॉर्कहून निघाले. त्यावरील मालाचा सुमारे चौथा हिस्सा एकट्या विल्यम ग्रेस यांनी दिला होता.

एप्रिलमध्ये ते जहाज क्वीन्सटाउन बंदरात पोहोचले. आज या बंदरास कोव्ह म्हणतात. ज्या किनाऱ्याजवळ ग्रेस यांचा जन्म झाला होता, तेथेच त्यांचे धान्य उतरले. चौदा वर्षांचा असताना घर सोडून गेलेल्या मुलाने अठ्ठेचाळिसाव्या वर्षी आपल्या गावाचे असे ऋण फेडले.

१८८० ची निवडणूक

या दानामुळे ग्रेस यांचे नाव न्यूयॉर्कच्या घराघरांत पोहोचले. त्या वेळी शहराची लोकसंख्या बारा लाखांवर होती आणि तीत आयरिश कॅथॉलिकांचा भरणा मोठा होता. दुष्काळातून पळून आलेल्यांनी गोद्यांत हमाली केली, रस्ते खणले, घरकाम केले, आणि आपल्या तुटपुंज्या कमाईतून ख्रिस्तमंदिरे बांधली. १८७५ साली न्यूयॉर्कचे आर्चबिशप जॉन मॅकक्लॉस्की हे अमेरिकेचे पहिले कार्डिनल झाले. १८७९ च्या मे महिन्यात संत पॅट्रिकचे भव्य नवे कॅथेड्रल उपासनेसाठी खुले झाले. कॅथॉलिकांची संख्या होती, संस्था होत्या. परंतु शहराच्या महापौरपदी त्यांच्यापैकी कोणीही तोवर बसलेले नव्हते.

शहरातील डेमोक्रॅटिक पक्षाची सूत्रे टॅमनी हॉल या संघटनेकडे होती. तिचे पूर्वीचे म्होरके ट्वीड यांनी शहराची तिजोरी अक्षरशः लुटली होती आणि १८७८ साली ते तुरुंगात मरण पावले होते. त्यांच्यानंतर सूत्रे जॉन केली यांच्याकडे आली. पक्षातील टॅमनीचा गट व तिचा विरोधी गट यांच्यात समेट घडवून आणण्यासाठी एखादा प्रतिष्ठित उमेदवार हवा होता. निवड ग्रेस यांच्यावर पडली.

आणि मग वादळ उठले. कॅथॉलिक महापौर आला तर सार्वजनिक शाळा तो धर्मगुरूंच्या ताब्यात देईल, शाळांसाठीचा कराचा पैसा ख्रिस्तमंदिरांकडे वळवील, त्याची निष्ठा शहराशी नसून रोमशी असेल, असा प्रचार वृत्तपत्रांतून व सभांतून झाला. शिकलेली, सुसंस्कृत म्हणवणारी मंडळीही त्यात मागे नव्हती. त्याच दिवशी राष्ट्राध्यक्षपदाचेही मतदान होते. डेमोक्रॅटिक पक्षाचे उमेदवार जनरल हॅनकॉक यांना शहरात सुमारे एक्केचाळीस हजारांचे मताधिक्य मिळाले. त्याच पक्षाचे ग्रेस मात्र रिपब्लिकन पक्षाच्या विल्यम डाउड यांच्याविरुद्ध जेमतेम तीन हजार मतांनी निवडून आले. हजारो लोकांनी आपल्या पक्षाच्या राष्ट्राध्यक्षाला मत दिले आणि आपल्याच पक्षाच्या महापौराला नाकारले. या दोन आकड्यांमधील अंतर म्हणजे त्या काळातील संशयाचे माप होय, असे आम्हाला वाटते.

हॅनकॉक यांनी न्यूयॉर्क राज्य सुमारे एकवीस हजार मतांनी गमावले आणि त्याबरोबर राष्ट्राध्यक्षपदही. एका कॅथॉलिकाला महापौरपदासाठी उभे केल्यामुळेच राज्य हातचे गेले, असा ठपका पक्षातील काहींनी ठेवला. म्हणजे विजयाच्या दिवशीही ग्रेस यांच्या वाट्याला पूर्ण आनंद आला नाही.

संशयाला दिलेले उत्तर

१ जानेवारी १८८१ रोजी ग्रेस यांनी पदाची सूत्रे हाती घेतली. लोकांच्या मनातील संशय व्याख्यानांनी दूर होणार नव्हता. त्यांनी व्यापाऱ्याच्या पद्धतीने कामाला सुरुवात केली : हिशेब तपासणे, गळती शोधणे, कामचुकारांना जाब विचारणे.

शहराचे रस्ते घाणीने भरलेले असत. हिवाळ्यात साचलेला कचरा व घोड्यांची लीद उन्हाळ्यापर्यंत तशीच पडून राही. सफाईचे काम तोपर्यंत पोलीस खात्याकडे होते आणि त्यासाठी मंजूर झालेला पैसा कोठे जातो हे कोणालाच नीट कळत नसे. ग्रेस यांनी या कारभाराविरुद्ध आवाज उठवला. १८८१ साली सफाईसाठी स्वतंत्र खाते निर्माण झाले. पोलीस खात्यातील गैरप्रकार, जुगार व वेश्याव्यवसायाला मिळणारे अभय, लुइझियाना लॉटरीचे शहरातील व्यवहार यांविरुद्धही त्यांनी पावले उचलली. कराचा बोजा कमी करण्याचा प्रयत्न केला.

याहून कठीण परीक्षा निराळीच होती. टॅमनीचे प्रमुख जॉन केली हे स्वतः आयरिश वंशाचे कॅथॉलिक होते. नगरातील नेमणुका आपल्या सांगण्यावरून व्हाव्यात, ही त्यांची अपेक्षा होती. आपल्याच धर्माचा, आपल्याच मातीचा नवा महापौर आपले ऐकेल असे त्यांना वाटले असल्यास नवल नाही. ग्रेस यांनी ऐकले नाही. नेमणुका टॅमनीच्या इच्छेनुसार करण्यास त्यांनी नकार दिला आणि दोघांत वितुष्ट आले. परधर्मीयांच्या विरोधापुढे उभे राहणे सोपे असते, कारण तेव्हा आपले लोक पाठीशी असतात. आपल्याच माणसाला नाही म्हणणे त्याहून अवघड. ग्रेस यांच्या निःपक्षपातीपणाचा खरा पुरावा आम्हाला येथे दिसतो.

त्यांच्या हातात अधिकार मात्र अपुरे होते. महापौराने केलेल्या नेमणुकांना नगरसभेची संमती लागे आणि नगरसभा टॅमनीच्या प्रभावाखाली असे. अनेक चांगल्या योजना तेथेच अडकत. १८८२ अखेर त्यांची मुदत संपली आणि फ्रँकलिन एडसन महापौर झाले.

दुसरी कारकीर्द आणि स्वातंत्र्यदेवतेचे आगमन

दोन वर्षांनी, १८८४ साली, टॅमनीविरोधी डेमोक्रॅट व सुधारणावादी नागरिक यांनी ग्रेस यांना पुन्हा उभे केले. या खेपेस टॅमनीचा अधिकृत उमेदवार त्यांच्या विरोधात होता. त्याचे नाव ह्यू ग्रँट आणि तोही कॅथॉलिकच! चार वर्षांपूर्वी ज्या गोष्टीचा एवढा बागुलबुवा केला गेला, तिला आता अर्थच उरला नव्हता. दोन प्रमुख उमेदवार एकाच पंथाचे असताना मतदारांना कारभाराचाच विचार करावा लागला, आणि त्यांनी ग्रेस यांना निवडले.

याच सुमारास कायदाही बदलला होता. राज्याच्या विधानसभेतील तरुण आमदार थिओडोर रूझवेल्ट यांच्या पुढाकाराने नेमणुकांवरील नगरसभेचे नियंत्रण काढून टाकण्यात आले. १८८५ पासून महापौराला आपली माणसे स्वतः नेमता येऊ लागली. ग्रेस यांनी या अधिकाराचा वापर करून कारभारात शिस्त आणली. १८८६ साली सार्वजनिक बांधकाम खात्याच्या प्रमुखावर आरोपपत्र ठेवून त्याला पदावरून दूर करण्यापर्यंत त्यांनी मजल मारली.

त्याच वर्षी त्यांनी शिक्षणमंडळावर ग्रेस डॉज व मेरी नॅश ॲग्न्यू या दोन स्त्रियांची नेमणूक केली. न्यूयॉर्कच्या शिक्षणमंडळावर येणाऱ्या या पहिल्या स्त्रिया. यांपैकी ग्रेस डॉज या प्रॉटेस्टंट समाजातील नामवंत समाजसेविका होत्या. कॅथॉलिक महापौर सार्वजनिक शाळा बुडवील, अशी भीती १८८० साली घातली गेली होती. प्रत्यक्षात त्याच महापौराने त्या शाळांच्या कारभाराची दारे आजवर बाहेर उभ्या असलेल्यांसाठी उघडली.

१८८५ च्या जून महिन्यात फ्रान्सहून इझेर हे जहाज न्यूयॉर्कच्या बंदरात आले. त्यावर दोनशे चौदा पेट्यांत भरलेला, सुटे भाग केलेला एक प्रचंड पुतळा होता. फ्रेंच जनतेने अमेरिकेला दिलेली ही स्वातंत्र्यदेवता. शहराच्या वतीने तिच्या स्वागतास महापौर ग्रेस पुढे झाले. पुतळा आला तरी चौथरा अपुरा होता, कारण पैसा नव्हता. जोसेफ पुलित्झर यांच्या वृत्तपत्राने वर्गणी गोळा केली. सव्वा लाखाच्या आसपास लोकांनी, बहुतेकांनी एक डॉलरहूनही कमी, रक्कम देऊन एक लाख डॉलर जमवले. २८ ऑक्टोबर १८८६ रोजी पुतळ्याचे अनावरण झाले तेव्हाही ग्रेस महापौरपदावर होते. पुढे युरोपातून येणाऱ्या लक्षावधी निर्वासितांनी बोटीच्या कठड्याला टेकून या देवतेचे पहिले दर्शन घेतले. तिचे स्वागत करणारा महापौर स्वतःच चाळीस वर्षांपूर्वी त्याच बंदरात रिकाम्या हाताने उतरलेला परदेशी मुलगा होता, हा योगायोग विलक्षण म्हणावा लागेल.

१८८५ च्या जुलैत माजी राष्ट्राध्यक्ष जनरल ग्रँट यांचे निधन झाले होते. ग्रेस यांनी त्यांच्या कुटुंबाला शहरात समाधीसाठी जागा देऊ केली. हडसन नदीकाठी उभी असलेली ग्रँट यांची समाधी त्या निर्णयातून आली. देशाच्या ऐक्यासाठी लढलेल्या सेनानीचे अखेरचे स्थान ठरवण्याचे काम परदेशात जन्मलेल्या महापौराच्या हातून घडले.

पुन्हा पेरू

१८८६ अखेर ग्रेस पदावरून निवृत्त झाले व पेढीकडे वळले. युद्धात पराभूत झालेल्या पेरूची अवस्था त्या वेळी दयनीय होती. ग्वानो संपले होते, सोरामिठाची खाणप्रदेशे चिलीकडे गेली होती आणि परदेशी सावकारांचे व्याजासह सुमारे पाच कोटी पौंडांचे कर्ज डोक्यावर होते. मायकेल ग्रेस यांनी धनको व पेरू सरकार यांच्यात वाटाघाटी केल्या. १८९० साली झालेला हा करार ग्रेस करार म्हणून ओळखला जातो. कर्ज माफ झाले; त्याच्या बदल्यात पेरूचे सरकारी लोहमार्ग सहासष्ट वर्षांसाठी धनकोंच्या कंपनीकडे गेले. देश दिवाळखोरीतून सुटला असे काहींनी मानले, देश गहाण पडला असे इतरांनी. पेरूत या करारावर दीर्घकाळ वाद होत राहिला आणि तो वाद निराधार म्हणता येणार नाही.

पेढीची जहाजे मात्र वाढत होती. आधी शिडाची, मग १८९३ पासून वाफेवर चालणारी जहाजे न्यूयॉर्क आणि दक्षिण अमेरिकेचा पश्चिम किनारा यांच्यामध्ये ये-जा करू लागली. पुढे विसाव्या शतकात ग्रेस लाइनच्या जहाजांची नावे सांता या शब्दाने सुरू होत असत. संत स्त्रियांची ही नावे घेऊन ती जहाजे १९६९ पर्यंत, म्हणजे ती दुसऱ्या कंपनीला विकली जाईपर्यंत, समुद्रावर फिरत होती.

अखेरचे काम

आयुष्याच्या संध्याकाळी ग्रेस यांनी जे कार्य हाती घेतले, ते आम्हाला त्यांच्या सर्व कर्तृत्वात अधिक मोलाचे वाटते. न्यूयॉर्कमध्ये येणाऱ्या स्थलांतरित मुलींपुढे त्या काळी दोनच वाटा असत : मोलकरीण होणे, नाही तर कोंदट कारखान्यात शिलाई करणे. हाताला कसब नसल्याने मजुरी कमी आणि मजुरी कमी असल्याने शिकायला सवड नाही, असे ते चक्र होते. १८९७ साली ग्रेस यांनी आपल्या कुटुंबाच्या साहाय्याने ग्रेस इन्स्टिट्यूटची स्थापना केली. तेथे लघुलेखन, टंकलेखन, शिवणकाम, पाककला असे विषय मुलींना विनामूल्य शिकवले जात. संस्थेचे संचालन सिस्टर्स ऑफ चॅरिटी या संघाच्या धर्मभगिनींकडे सोपवण्यात आले. प्रवेश मात्र सर्व धर्मपंथांच्या मुलींना होता.

वयाच्या चौदाव्या वर्षी छापखान्यात हरकाम्या म्हणून राबलेल्या माणसाला कसबाचे मोल ठाऊक होते. भिक्षा एका दिवसाची भूक भागवते, विद्या जन्माची. कॉन्स्टेलेशन जहाजावरील धान्य हे पहिल्या प्रकारचे दान होते आणि ते त्या वेळी आवश्यकच होते. ही शाळा दुसऱ्या प्रकारचे दान ठरली. तिच्या वर्गांतून बाहेर पडलेल्या हजारो मुलींनी पुढे कचेऱ्यांतून नोकऱ्या केल्या आणि आपली घरे सावरली.

२१ मार्च १९०४ रोजी न्यूयॉर्क येथे विल्यम ग्रेस यांचे निधन झाले. ब्रुकलिनमधील होली क्रॉस दफनभूमीत त्यांच्या देहास विसावा मिळाला.

आम्हाला काय वाटते

ग्रेस यांच्या विजयाने कॅथॉलिकांविषयीचा संशय अमेरिकेतून नाहीसा झाला नाही. १९२८ साली आल्फ्रेड स्मिथ राष्ट्राध्यक्षपदासाठी उभे राहिले तेव्हा तोच प्रचार पुन्हा झाला व त्यांचा पराभव झाला. जॉन केनेडी १९६० साली निवडून आले, तोपर्यंत ग्रेस यांच्या पहिल्या निवडणुकीला ऐंशी वर्षे लोटली होती. समाजाचे मन सावकाश बदलते. ते बदलण्यास सुरुवात करणाऱ्याला फळ पाहायला मिळतेच असे नाही.

ग्रेस यांनी आपल्या श्रद्धेची जाहिरात केली नाही आणि ती लपवलीही नाही. ज्यांनी संशय घेतला त्यांच्याशी ते भांडत बसले नाहीत. चोख कारभार करून दाखवला. आपल्या समाजाच्या पुढाऱ्याने अयोग्य मागणी केली तेव्हा तीही नाकारली. अल्पसंख्य समाजातून सार्वजनिक जीवनात जाऊ इच्छिणाऱ्या तरुण-तरुणींनी या दोन्ही गोष्टी लक्षात ठेवाव्यात, असे आम्ही सुचवू इच्छितो. पहिलीपेक्षा दुसरी अधिक कठीण आहे.

त्याचबरोबर चिंचा बेटांवरील त्या चिनी मजुरांना आम्ही विसरू इच्छित नाही. ग्रेस यांचे नाव कंपनीवर राहिले, करारावर राहिले, शाळेवर राहिले. त्या मजुरांची नावे कोठेच राहिली नाहीत. ग्रेस यांनी स्थापन केलेली शाळा हे त्या जुन्या हिशेबाचे उत्तर होते काय, हे सांगण्याचा अधिकार आम्हाला नाही. तो हिशेब परमेश्वराजवळ आहे. मृतांसाठी प्रार्थना करताना महापौर ग्रेस यांच्याबरोबर त्या अनामिकांचीही आठवण आपण ठेवावी, एवढीच वाचकांना आमची विनंती.